काटवलाचा नर

९ ऑगस्ट, रविवार. सकाळी कुंपणाच्या जाळीखाली बसून गळलेली काटवलं, म्हणजे पुण्याकडची कर्टोली, वेचत होते. त्यांना काटवलं म्हणणंही जास्तच झालं. मादीच्या फुलामागे जन्मतःच एक काटेरी मणी असतो. फूल फळलं तर तो फुगून दहाबारा दिवसांत भाजीचा होतो, नाही तर पिवळा पडून गळतो. माझ्या सुपलीत पसाभर पिवळे मणी जमले होते आणि वेलांवर हिरवा एकही नव्हता.

आठ दिवस मुलीकडे पुण्याला गेले होते, तेवढ्यात हे झालं.

ही जाळी हुडकेश्वरच्या आमच्या ले-आउटमधल्या मोकळ्या जागेची. पूर्वी तिथे तरोटा, कुंजर, घोळ, केना असं सगळं पावसाळ्यात आपोआप उगवायचं. मी पिशवी घेऊन जायचे, कोवळं बघून खुडून आणायचे, लसणाच्या फोडणीत टाकायचे. गेल्या वर्षी आमच्या नागरिक समितीला देशी वनस्पतींचं महत्त्व पटलं. पटल्याबरोबर समितीने मशीन आणून ते सगळं साफ केलं आणि ‘देशी वनस्पती उद्यान’ असा फ्लेक्स लावला. नर्सरीतून झाडं आली, त्यांत निम्मे पाम होते. पाट्या मात्र आधीच छापून झाल्या होत्या, म्हणून एक पाम आजही पळस म्हणून उभा आहे. हीच मंडळी पावसाळ्यात रानभाजी महोत्सवाला जातात, रांग लावून तरोट्याची जुडी विकत घेतात आणि जुडीसोबत फोटो काढतात.

समितीचे अध्यक्ष निवृत्त इंजिनिअर आहेत. सगळे त्यांना साहेब म्हणतात, म्हणून मीही म्हणते. त्यांच्या फोनमध्ये झाडं ओळखणारं ॲप आहे. एकदा मी माती उकरत असताना त्यांनी चुकून माझ्या बोटांचा फोटो काढला आणि ॲपने ‘आलं’ असं सांगितलं. साहेबांनी एकदा माझ्या हाताकडे पाहिलं, एकदा फोनकडे. फोनचंच बरोबर असावं असं त्यांच्या चेहऱ्यावर दिसलं.

जाळीची पूर्वेची बाजू मी याच साहेबांकडून मागून घेतली होती. समितीला तिथे प्लास्टिकचं गवत लावून सेल्फी पॉइंट करायचा होता. बरीच हुज्जत घातल्यावर ठरलं की वेल पोळ्यापर्यंत ठेवायचे. फळ धरलं तर जागा वेलांची, नाही तर सेल्फी पॉइंटची. साहेबांनी ते इतिवृत्तात लिहूनही घेतलं.

वेलांचे कंद मौद्याकडच्या आमच्या शेताच्या धुऱ्यावरचे, म्हणजे बांधावरचे. आई गेल्यावर वाटणीच्या वेळी मी शेत मागितलं नाही, धुऱ्यावरचे पाच कंद मागितले. यात माझा काही तरी डाव आहे असं वहिनीला अजून वाटतं. चार माद्या आणि एक नर. काटवलात नराचा वेल वेगळा, मादीचा वेगळा. नर आधी फुलतो, खूप फुलतो आणि त्याला कधीच फळ येत नाही. पण तो नसला तर माद्यांनाही येत नाही.

मी सुपली बाजूला ठेवली आणि पाचवा वेल शोधायला गेले. त्या जागी खड्डा होता. खड्ड्याच्या काठावर पाटी शाबूत होती : ‘काटवल, बहुगुणी रानभाजी’.

माळीबुवा पाइप लावून पामची पानं धूत होते.

“बुवा, इथला वेल कुठे गेला?”

“काढला न मॅडम. साहेबानं म्हटलं, हा नुसताच फुलून राहिला, फळ काही देत नाही. वांझ आहे म्हणे. कंदासकट काढ म्हणे.”

“आणि कंद?”

“कचऱ्याच्या गाडीत गेला. तुम्ही गावाले गेल्या, त्याच्या दुसऱ्याच दिवशी.”

“तो नर होता हे तुम्हाला माहीत नव्हतं?”

“मले माहीत होतं न,” बुवा पाइप न थांबवता म्हणाले. “त्यायच्या फोनले माहीत नव्हतं.”

संध्याकाळी साहेबांच्या पोर्चमध्ये समितीची बैठक होती. विषय एकच, सेल्फी पॉइंटच्या प्लास्टिकच्या गवतामागे जी भिंत होणार तिला रंग कोणता द्यायचा. मी सुपली चिवड्याच्या प्लेटशेजारी ठेवली. सचिवबाईंनी बोलता बोलता एक मणी तोंडात टाकायला उचललासुद्धा.

“तो खायचा नाही,” मी म्हटलं. “साहेब, तुम्ही जो उपटला तो नर होता.”

सगळ्यांचे चमचे थांबले.

“कोण?” साहेब.

“काटवलाचा वेल. वांझ म्हणून काढलात तो. नराला फळ येत नसतं, साहेब. कोणत्याच.”

आत साहेबांच्या पत्नी चहा गाळत होत्या, त्यांना जोरात ठसका लागला.

सचिवबाई हळूच म्हणाल्या, “अहो, पण नर-मादी असं बागेत बरं दिसतं का? लहान मुलं खेळतात तिथे.”

“मुलांच्या पुस्तकात आहे ते. अडचण मोठ्यांची आहे.”

साहेब ताठ बसले. “ॲपने ते कारलं असल्याचं सांगितलं होतं. मी स्वतः महिनाभर निरीक्षण केलं. आउटपुट शून्य. ज्याचं आउटपुट नाही ते काढायचं, हा साधा नियम आहे.”

“हा नियम लावला तर ही समिती किती दिवस टिकेल?”

खजिनदार हसले आणि लगेच खोकले. साहेबांनी रजिस्टर उघडून त्यावर बोट ठेवलं. “ठरलं ते ठरलं. पोळ्याला फळ दिसलं पाहिजे.” मग भिंतीचा रंग एकमताने गुलाबी ठरला. माझं मत कोणी विचारलं नाही, तरी एकमत झालं.

घरी येऊन भावाला फोन लावला.

“काहून वं ताई, आता फोन केला?”

“अरे, आमचा नर उपटला लोकायनं.”

“जिजाजीले काय झालं?”

“त्यायले काय होते? जेवून राहिले. काटवलाचा नर म्हणते मी.”

“हात् तुझ्या! जीव गेला असता न माझा.” मग तो पोटभर हसला. “वांझ म्हटलं त्याले? इंजिनिअर आहे म्हणते न तू?”

“त्यानं बांधलेला पूल अजून उभा आहे म्हणतात. आता सांग, काय करू? नवा कंद लावला तं फुलाले पंधरा-वीस दिवस पाहिजे, मंग फळाले दहा-बारा. पोळा हातचा जाईन.”

“मंग नराची फुलं घेऊन जाय. सांजेले उमलली का सकाळपर्यंत राहते ती. ऊन चढाच्या आत माद्यांले लावली तं काम झालं. अन् कंदही देतो एक. पण लवकर ये वं, मले बैल धुवाचे आहे.”

दुसऱ्या दिवशी पाचला स्कूटर काढली. नवऱ्याने अंथरुणातूनच विचारलं, “कुठे?” मी म्हटलं, “नर आणायला.” तो कूस बदलून झोपला. धुऱ्यावर भावाने फुलं खुडूनच ठेवली होती. ओल्या फडक्यात गुंडाळून ती स्टीलच्या डब्यात भरली, कंद डिकीत टाकला आणि पावणेआठला जाळीशी परत आले. चार वेलांवर मिळून मादीची अकरा फुलं उमललेली होती. नराच्या पाकळ्या तोडायच्या आणि मधला पराग मादीच्या फुलात हलकेच फिरवायचा. एक नर दोन-तीन माद्यांना पुरतो. ज्या फुलाचं काम झालं त्याच्या देठाला मी लाल दोरा बांधत गेले.

साहेब चालायला आले होते. ते थांबले, बघत राहिले, मग इकडेतिकडे कोणी नाही ना असं पाहून जवळ आले.

“हे असं हाताने करायचं?”

“एरवी किडे-पाखरं करतात. त्यांना पराग उचलायला नरच ठेवला नाही आपण.”

त्यांनी फोन काढला, फुलासमोर धरला आणि फोटो न काढताच खिशात ठेवला. वरची चार फुलं माझ्या हाताला येत नव्हती. साहेब उंच आहेत. मी डबा त्यांच्या हातात दिला, कसं करायचं ते एकदा दाखवलं आणि सांगितलं, “घासू नका, नुसतं टेकवा.” त्यांनी चष्मा वर केला आणि पहिलं फूल टेकवलं. दोरा त्यांनी माझ्यापेक्षा नीट बांधला.

मी खड्ड्यात नवा कंद लावला, माती दाबली, पुन्हा कोणी उपटू नये म्हणून भोवती बोरीच्या काटेरी फांद्या रोवल्या आणि अंघोळीला घरी गेले.