डावीकडे वळताना होणारा आवाज

रविवारी सकाळी सायखेड्याला सासुरवाडीच्या दारात स्कूटर लावली आणि पहिलं काय दिसलं, तर सासऱ्यांच्या गाडीखालून बाहेर आलेले दोन पाय. पायांवरून माणूस ओळखायला मला वेळ लागला नाही. माझा साडू, धाकट्या मेहुणीचा नवरा. माझ्या पोटात दुखायला लागलं ते तेव्हाच.

शेजारी सासरे नट खोलायचे पाने हातात घेऊन उकिडवे बसले होते. मला बघताच गुडघ्यावर हात टेकून उठले, टोपी नीट केली आणि ओसरीवरची खुर्ची स्वतः उचलून लिंबाच्या सावलीत आणून ठेवली.

“या पाव्हणं, बसा. अगं, पाव्हणं आलं. पाणी आण.”

बायको आदल्याच दिवशी माहेरी आली होती. तिने तांब्या आणून दिला आणि माझ्या चेहऱ्याकडे बघून हळूच म्हणाली, “आल्या आल्या सुरू करू नका.” बावीस वर्षं संसार केल्यावर बायकोला नवऱ्याच्या कपाळावरची आठी वाचता येते.

मला माझ्या साडूचा हेवा वाटतो. हे वाक्य लिहायला मला पन्नाशी ओलांडावी लागली. त्याच्याकडे माझ्यापेक्षा जास्त काही आहे असंही नाही. मी एकलहऱ्याच्या वीज केंद्रात देखभाल विभागात, इंदिरानगरला स्वतःचा फ्लॅट. त्याचं निफाडला द्राक्षाच्या औषधांचं दुकान. डिप्लोमा माझ्याकडे आहे, त्याच्याकडे नाही. पण तो सासऱ्यांच्या सख्ख्या बहिणीचा मुलगा. भाचा आधी, जावई मागून. सुट्टीत याच अंगणात वाढला, याच विहिरीत पोहायला शिकला. मी सासऱ्यांना ‘मामा’ म्हणतो ते आमच्याकडच्या रिवाजाने. तो म्हणतो ते रक्ताने, आणि वर ‘तू’ म्हणतो. त्याला ते शिव्या घालतात, शेतातून कांद्याच्या गोण्या उचलायला लावतात. मला खुर्ची देतात.

माझे वडील मी नोकरीला लागायच्या आतच गेले. लग्न झालं तेव्हा मनात होतं, इथे एक बाप मिळेल. मिळाला तो यजमान. बावीस वर्षांत त्या माणसाने मला एक काम सांगितलं नाही. काही अडलं, बिघडलं, की फोन निफाडला. माझा फोन वाजतो तो दिवाळीचं आमंत्रण द्यायला. एकदा, एकदा तरी त्यांनी मला म्हणावं की एवढं जरा बघून द्या, अशी माझी इच्छा होती. जावई हा दहावा ग्रह म्हणतात. ग्रहाला पूजतात, पण त्याला कोणी पाना धरायला सांगत नाही.

त्यातून दोन महिन्यांपूर्वी संधी आली होती. सासरे डोळे तपासायला नाशिकला आले आणि आमच्याकडे दोन दिवस राहिले. येताना आपली जुनी पांढरी गाडी घेऊन आले होते. ती गाडी म्हणजे त्यांचा जीव. बोलता बोलता म्हणाले की, पुढच्या उजव्या चाकातून मधेच आवाज येतो. मला सांगत नव्हते, नुसतं बोलत होते. पण मी ते वाक्य वरच्या वर झेललं.

आवाज ओळखणं हा माझा धंदा आहे. प्लान्टमध्ये चालू पंपाला लोखंडी सळईचं एक टोक लावायचं, दुसरं कानाला, आणि आतला बेअरिंग काय म्हणतो ते ऐकायचं. मी गाडी पार्किंगमध्ये जॅकवर चढवली, चाक हाताने गरगर फिरवलं आणि सळई लावून ऐकलं. बारीक खरखर होती. “बेअरिंग,” मी डॉक्टरच्या थाटात म्हणालो. सासरे म्हणाले, “तुम्ही म्हणताय म्हंजी तेच असणार.”

मग अख्खा रविवार मी त्यात घातला. चाकामागचा हब काढला, ओळखीच्या लेथवर नेऊन नवा बेअरिंग दाबून आणला. चाकाच्या आतल्या कडेला काळं ग्रीस उडालेलं होतं, ते बेअरिंगचंच असणार म्हणून रॉकेलच्या फडक्याने स्वच्छ पुसलं. सोसायटीतली माणसं येता-जाता थांबत होती आणि मी त्यांना सांगत होतो, सासऱ्यांची गाडी आहे. सासरे दिवसभर पायरीवर बसून होते. संध्याकाळी त्यांना शेजारी बसवून पाथर्डी फाट्यापर्यंत नेऊन आणलं. गाडी लोण्यासारखी चालली. परत येताना सोसायटीच्या गेटात डावीकडे वळलो तेव्हा खालून ‘कट’ झालं. मी म्हणालो, “खड्डा आहे इथे.” ते म्हणाले, “हां, खड्डाच असंल.” त्या रात्री मी दोन पोळ्या जास्त खाल्ल्या.

आणि आता त्याच चाकाखाली साडू आडवा झाला होता.

“काय झालं गाडीला?” मी खुर्चीवरूनच विचारलं.

“काय नाय, काय नाय,” सासरे घाईने म्हणाले. “तुम्ही केलेलं काम एकदम ब्येस हाय. हे दुसरंच काय तरी निघालं.”

साडू गाडीखालून सरकत बाहेर आला. कपाळाला काळं, दाढीला काळं. “दादा, जॉइंट गेलाय,” तो म्हणाला. “एक्सलचा बाहेरचा जॉइंट. या, दाखवतो.”

खरं तर मला काही बघायचं नव्हतं. पण गेलो. गाडी अजून जॅकवर चढवलेली नव्हती. तो म्हणाला, खोलायच्या आधी एकदा ऐका. आम्ही दोघं ती कांदा मार्केटच्या पटांगणात घेऊन गेलो. रविवार असल्यामुळे पटांगण मोकळं होतं. त्याने काचा खाली केल्या, स्टिअरिंग डावीकडे पार शेवटपर्यंत कापलं, आणि भिंतीच्या कडेने हळूहळू गोल फिरवत थोडी रेस दिली. कट-कट-कट-कट. कोणीतरी सुपारी कातरत बसल्यासारखा आवाज, उजव्या चाकातून. स्टिअरिंग सरळ केलं की गप्प. उजवीकडे वळवलं, तरी गप्प.

“डावीकडे वळताना भार उजव्या चाकावर येतो ना,” तो म्हणाला. “मग झिजलेला जॉइंट बोलतो. जॅकवर नुसतं फिरवलं तर नाही बोलत.”

शेवटचं वाक्य त्याने टोमणा म्हणून मारलं नव्हतं. मी कसं तपासलं होतं हे त्याला ठाऊकही नसावं. पण माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली, कारण ते खरं होतं. पंचवीस वर्षं मी जी यंत्रं ऐकली ती सगळी जमिनीला बोल्ट मारून बसवलेली. आमचा पंप कधी डावीकडे वळत नाही. मी चालत्या गाडीला पंपासारखं एका जागी उभं करून तपासलं होतं.

घरी आल्यावर त्याने चाक वळवून जॉइंटवरचं रबरी बूट दाखवलं. भात्याला असतात तशा त्याला घड्या असतात. चाक सरळ असलं की घडी मिटलेली. वळवलं तशी घडी उघडली आणि आत बोटभर लांबीची चीर दिसली. तिथून ग्रीस बाहेर उडून गेलं होतं आणि नदीकाठची वाळू आत शिरली होती. म्हणजे जे ग्रीस मी फडक्याने पुसलं, तोच पुरावा होता. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. मी परत खुर्चीत जाऊन बसलो आणि चहा प्यालो. चहात साखर नेहमीसारखी जास्त होती, जावयाची.

साडू कामाला भिडला. चाक जमिनीवर असतानाच मधला मोठा नट सैल केला, मग गाडी उचलून लोखंडी घोडीवर ठेवली, चाकाला धरणारा खालचा आर्म सोडवला आणि हब बाजूला ओढून एक्सल मोकळा केला. हात सुरेख चालत होता. मला ते बघवत नव्हतं आणि नजरही हटत नव्हती. सासरे त्याच्यावर ओरडत होते, “आरं, त्या ब्रेकच्या पायपाला ताण देऊ नको, गाढवा!” आणि तो हसत होता. एवढ्या जवळून शिवी खायची म्हणजे नशीब लागतं. माझ्याशी बोलताना त्यांचा आवाज देवळात बोलल्यासारखा होतो.

मग जुना जॉइंट एक्सलवरून उतरवायला साडूने मोठी लोखंडी हातोडी उचलली. तिथे मात्र माझ्याच्याने राहवलं नाही.

“थांबा! थेट मारू नका. एक्सलला लागली तर आटे जातील. मध्ये पितळ धरा.”

“पितळ कुठून आणू दादा?”

मामींनी, म्हणजे सासूबाईंनी, न विचारता आतून जुन्या उखळीचा पितळी बत्ता आणून दिला. मी शर्ट काढला, लिंबाच्या फांदीला अडकवला आणि बनियनवर खाली बसलो. सासरे अक्षरशः मधे आले. “अहो पाव्हणं, तुम्ही कशाला? कपडे खराब होतील. हा करतोय ना.”

“मामा, सरका,” मी म्हणालो. माझा आवाज चढला होता. बायको ओसरीवरून बघत होती.

साडूने एक्सल धरला, मी बत्ता टेकवून ठोकला. तिसऱ्या घावाला जॉइंट सुटून पडला. आतल्या पोलादी गोळ्यांनी आपल्या खाचा पार खाऊन टाकल्या होत्या. नव्या जॉइंटमध्ये पिशवीतलं सगळं ग्रीस भरलं, नवं बूट चढवलं, आतली लॉकची कडी टक् करून बसेपर्यंत ठोकलं. साडू म्हणाला की डाव्या बाजूचं बूटही तडकलंय, आज नाही तर उद्या तिकडचा जॉइंटही बोलेल, म्हणून जोडी आणली आहे. डावी बाजू मी एकट्याने केली. त्याने पाने दिले. खरं सांगतो, कामात चूक काढावी म्हणून मी त्याची बाजू दोनदा तपासली. चूक नव्हती.

दुपारी गाडी खाली उतरवली. मोठे नट आवळले, कडा ठोकून ते पक्के केले. सासऱ्यांनी माझ्या हातावर स्वतः कोमट पाणी ओतलं, नवा साबण आणि घडीचा टॉवेल दिला. साडू हौदावर रॉकेलने हात धूत होता.

“चला, मामा चालवतील,” मी म्हणालो. मी पुढे बसलो, साडू मागे. गोदावरीच्या पुलापर्यंत गेलो आणि वळून आलो. गाडीत आवाज नव्हता. घराची गल्ली रस्त्याच्या डाव्या हाताला आहे, तोंड चिंचोळं, स्टिअरिंग पुरतं कापावं लागतं. सासरे गल्ली सोडून सरळ पुढे निघाले.

मागून साडू म्हणाला, “मामा, आता कशाला तिकडून जातो? आता वळ की डावीकडं.”

सासऱ्यांनी आरशातून त्याच्याकडे असं बघितलं की तो सीटवर मागे सरकला.

“आता म्हणजे?” मी विचारलं. सासऱ्यांनी उगाच हॉर्न वाजवला. मी मागे वळून साडूलाच पुन्हा विचारलं.

“दोन महिने झाले, मामा मार्केटला वळसा घालून पलीकडून घरी येतोय,” तो खिडकीबाहेर बघत म्हणाला. “तिकडून उजवं वळण पडतं. डावीकडं वळलं की कटकट व्हायची. गल्लीतली माणसं विचारायची, थोरल्या जावयानं नवं टाकलं ना, मग वाजतंय कशानं? त्याला ते ऐकवत नव्हतं. मी काल बळंच चावी घेतली.”

सासऱ्यांनी गाडी बाजूला घेऊन थांबवली. दोन्ही हात स्टिअरिंगवर तसेच. मला आधी राग आला. धाकट्याचं काम बिघडलं असतं तर त्याच दिवशी फोनवर त्याचा उद्धार केला असता. माझ्यासाठी मार्केटला वळसा. मग राग ओसरला आणि लाज वाटली. त्याच्यासमोर वाटली म्हणून जास्तच.

“मामा, बेअरिंग चांगला होता,” मी म्हणालो. “मी उगाच बदलला. माझं चुकलं होतं.”

“मला म्हाईत हाय,” सासरे म्हणाले. “तुमच्या गेटात वळलो तव्हाच कळलं. तिथं खड्डा नव्हता.”

“मग बोलला का नाहीत?”

त्यांनी टोपी नीट केली. गाडी पुन्हा चालू केली, रस्ता मोकळा आहे का ते दोन्ही बाजूंना बघितलं.

“त्या दिशी तुम्ही लय खुशीत व्हता,” ते म्हणाले. “लगीन झाल्यापासून तुम्हाला तसं कधी बघितलं नव्हतं.”