नदीचे डोहाळे

काठावरचं ते घर आता सरकारी कचेरी आहे. पायऱ्या बांधाखाली गेल्या, नदीकडची दारं विटांनी बुजवली. नातवंडं विचारतात, एवढं मोठं घर आपलं होतं होय? होतं बाबांनो. लोक त्याला अरमणैच म्हणत, म्हणजे राजवाडा. आमच्या खापरपणजोबांनी राजांच्या चाकरीत असताना बांधलं. घराचं तोंड रस्त्याकडे नाही, कावेरीकडे. पुढे खांबांचा लांब सोपा, सोप्यातून दगडी पायऱ्या थेट पाण्यात. घरात येणारी प्रत्येक सून आधी नदीत पाय धुवायची आणि मग त्या पायऱ्या चढून आत यायची. आमची आई तशीच आलेली.

पुढे तंजावरचं राज्य खालसा झालं, अप्पांची चाकरी गेली आणि घर सरकारात गेलं. आम्ही मागल्या गल्लीत दोन खोल्यांत आलो. घरात एक दोरै, म्हणजे इंग्रज साहेब, राहायला आला. बरोबर त्याची दोरसानी.

त्या वर्षी माझी अक्का पहिल्या बाळंतपणाला आली होती. आडी या तमिळ महिन्याच्या, म्हणजे ऐन पावसाळ्यात, अठराव्या दिवशी आमच्याकडे नदीची पूजा असते. नवं पाणी आलेलं असतं, कावेरी भरलेली, म्हणजे गर्भार, असं आम्ही मानतो. तिचे डोहाळे पुरवायला लिंबाचा, चिंचेचा, नारळाचा, गुळाचा, दह्याचा असे भात न्यायचे; ताडपत्राची कर्णफुलं आणि काळे मणी तिला वाहायचे. आमच्या घरच्या बायका हे त्याच पायऱ्यांवर करत आलेल्या.

अप्पा विचारून आले. म्हणाले, "दोरसानी हो म्हणाली. बटलर सांगत होता, मागच्या दारानं खुशाल या."

"मागच्या?" आईच्या हातातला झारा थांबला. "ज्या दारानं मी लक्ष्मी होऊन आले, ते त्यांचं मागचं दार?"

"अगं, त्यांची गाडी रस्त्यावर लागते. त्यांना तेच पुढचं."

"मग त्यांनीच पुजावी नदी!"

शेजारच्या काकू म्हणाल्या, गावच्या घाटावर चला की. आई म्हणाली, "नदी आपल्या घरची लेक. लेकीचं डोहाळजेवण कुणी परक्याच्या ओसरीवर करतं?"

अक्का भिंतीला टेकून बसली होती, सातवा महिना. ती थट्टेनं म्हणाली, "नदीला पाच भात, मला मात्र तिळाचा सहावा हवा हं." कुणी हसलं नाही. मग ती हळूच म्हणाली, "आई, ती वाट बघत असेल गं."

"कोण?"

"नदी."

आई उठली नाही. भात झाकलेलेच राहिले.

दिवाळीच्या आधी अक्का गेली. बाळ आडवं आलं होतं. सुईण काय करणार, वैद्य काय करणार? बाळही राहिलं नाही. अप्पा आईला म्हणत, अगं, असं पुष्कळ घरांत होतं. आईला रडताना मी पाहिलं नाही. फक्त नदीकडे जाणारी गल्ली तिनं सोडली.

पुढल्या आडीला मात्र ती पहाटे उठली, पाची भात केले, मला बरोबर घेतलं आणि त्या घराच्या रस्त्याकडच्या फाटकाशी जाऊन उभी राहिली. बटलर म्हणाला, "अम्मा, दोरै नाहीत, उद्या या."

"उद्या आडीचा अठरावा दिवस आहे का रे?"

आवाज ऐकून दोरसानी बाहेर आली. पिवळट, थकलेली पोर, अक्काच्याच वयाची. आणि पोट पुढे आलेलं. आई तिच्याकडे पाहतच राहिली. दोरसानीनं हातानं आत या म्हटलं.

आई आपल्याच घरातून पाहुणीसारखी अंग चोरून चालत गेली. पायऱ्या उतरली, नदीला भात दिले, कर्णफुलं सोडली. परत वर येऊन तिनं केळीच्या पानावर उरलेले भात दोरसानीपुढे ठेवले आणि ओटी भरायला नारळ उचलला. तिला काय ठाऊक ओटी! तिनं आपल्या झग्याचा घोळ दोन्ही हातांनी पुढे धरला. आईनं स्पर्श न करता वरूनच नारळ नि तांदूळ सोडले. घरी येऊन न्हाली आणि ओल्या केसांनी तशीच बसून राहिली.

मग मला दिवसाआड पाठवायची. "जा गं, विचारून ये, त्या पोरीची सुटका झाली का?"

एके दिवशी बटलरनं मला लांबूनच पाहिलं आणि ओरडला, "मुलगा! दोघं सुखरूप!" मुठीत साखर दिली. मी ती सांडत धावत आले. वाटलं, आज आई हसेल. किती महिन्यांनी हसेल.

ती तांदूळ पाखडत होती. "आई, मुलगा झाला! दोघं सुखरूप!"

सूप थांबलं. "म्हणजे नदीनं ऐकलं."

"हो ना!" मी साखरेचा हात पुढे केला.

आई माझ्या हाताकडे बघत राहिली. "मग तिनं गेल्या सालीही ऐकलं असतं गं," ती म्हणाली, आणि सुपातल्या तांदळांवर वाकून, वर्षभरात पहिल्यांदा, मोठ्यानं रडली.