शेवटचा नमस्कार

आमच्या हिंदीभाषक शहरात दीक्षितपुऱ्यातली मराठी मंडळी गणपतीत दर वर्षी एक नाटक बसवायची. आमच्या पिढीचं मराठी म्हणजे आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार! त्यामुळे संवाद मोठ्यांना आणि नाच आम्हा पोरींना, हे ठरलेलंच होतं. त्या वर्षी मी आठवीत होते. नाच बसवणाऱ्या बाई आमच्याच शाळेत शिकवायच्या. त्यांनी मला कोळीनृत्यात घेतलं, तेही पुढच्या रांगेत मधोमध. मी हवेत होते.

आम्ही त्याच शहरातल्या घमापुरात राहायचो. आजोबांनी नागपूरला बौद्ध धर्माची दीक्षा घेतली तेव्हापासून घरात देव नव्हते. शेजारच्या दीदीला हे काही कळायचं नाही. "तुम लोगों के गणेशजी कब बैठ रहे हैं?" असं ती दर वर्षी विचारायची. समजावण्याचा मला कंटाळा यायचा.

"लोकांच्या गणपतीत तू काहून जाऊन राहिली?" आई म्हणाली. बाबांनी मात्र हो म्हटलं. मराठी नाटक वर्षातून एकदाच बघायला मिळे आणि त्याचा त्यांना भारी मोह. "नाच बेटा, मीही येतो. फक्त गणपतीपुढे हात नको जोडू," एवढंच ते म्हणाले. अट मला सोपी वाटली. त्या संध्याकाळी आरती चालू असताना मी मंचामागे गजरा नीट करत बसले.

तालमी शाळेत झाल्या होत्या, त्यामुळे मांडव मी आधी पाहिलाच नव्हता. पडदा उघडला आणि दिसलं, गणपती प्रेक्षकांच्या पाठीमागे बसवलेला, नेमका माझ्यासमोर. आमच्या नाचाचा शेवट प्रेक्षकांना वाकून नमस्कार करून व्हायचा.

पाय सवयीने चालत राहिले, पण मला रडू येत होतं. हात जोडले नाहीत तर पुढची रांग बिघडणार, जोडले तर बाबा बघत होते. मधल्या वाटेच्या कडेला, खुर्चीत पुढे सरकून बसलेले.

गाण्याची शेवटची ओळ सुरू झाली तसे बाबा उठले आणि वाटेत मधोमध येऊन उभे राहिले. मागचा गणपती त्यांच्याआड गेला.

"अरे भैया, बैठिए ना!" कुणीतरी ओरडलं. "ओ, खाली बसा!" दुसऱ्याने मराठीत दटावलं. चारचौघांत कुणी आवाज चढवला की माझे बाबा लगेच माफी मागायचे. त्या दिवशी त्यांनी मागे वळूनसुद्धा पाहिलं नाही.

मी हात जोडले, वाकले, मान वर केली. तोवर ते उभेच होते.