आईचा गाल आणि काळं कापड

आमच्या स्वयंपाकघरात सिनेमाचं शूटिंग होणार म्हणून आईने खिडकी लख्ख पुसली. इटलीहून आलेल्या म्हाताऱ्या कॅमेरामनने आधी त्याच खिडकीवर काळं कापड टांगलं. ज्याची हयात उजेड टिपण्यात गेली, तो अंधार का करतोय, मला कळेना. नटी अजून आली नव्हती, म्हणून त्याने आईलाच ओट्यापाशी उभं केलं आणि प्रकाश मोजायचं यंत्र तिच्या गालाशी धरलं.

"मला ताप नाहीये हो!" आई म्हणाली.

त्याने हसून कापड बोटभर सरकवलं, आणि आईचा चेहरा उजळला. थकलेला, देखणा, मला अनोळखी.

आता आई भाजी निवडायला बसली की मी खिडकी अर्धी लोटतो.

"अरे, मला दिसत नाहीये!" ती ओरडते.

इतकी वर्षं लख्ख उजेडात मला तरी काय दिसत होतं, कोण जाणे.