दोन चंद्रांच्या गावातली मुलं

आमचं ऑफिस छोटं आहे आणि आम्ही कम्प्युटर गेम बनवतो. सध्या ज्या गेमवर काम चालू आहे, त्यातल्या जगात अजून कोणीही राहत नाही. तरी तिथल्या तक्रारी रोज येतात. तक्रार सुटते, किस्सा उरतो. उरलेले बरेचसे किस्से माझ्याच चुकांचे आहेत, त्यामुळे ते मलाच सांगावे लागतात.

*

बाळंतपणाची रजा लांबवून दीड वर्षाने परतले, तेव्हा आमचा लीड कार्तिक म्हणाला, "या जगाचं कॅलेंडर तू कर."

"मीच का?"

"तुला हल्ली वार कुठला तेही आठवत नाही. तू मोकळ्या मनाने करशील."

खरंच होतं ते. माझी मुलगी इरा रात्रभर झोपायची नाही आणि मी सोमवारी रविवारचे कपडे घालून यायचे. मी त्या जगाला दोन चंद्र दिले. दोन्ही चंद्र एकदम दिसेनासे होतात तो दिवस बिनतारखेचा ठेवला. त्या दिवशी कोणाचं वय वाढत नाही, कोणाला कुठे पोचायचं नसतं.

"मग लोक करतात काय?" कार्तिकने विचारलं.

"बसतात."

त्याने ते वहीत लिहून घेतलं. मग म्हणाला, "तू झोपतेस ना नीट?"

*

विजयाक्का आमच्या टेस्टर. गेम खेळून त्यातल्या चुका शोधणं हे त्यांचं काम. त्या मूळ तंजावरच्या मराठी घरातल्या. त्यांच्या मराठीला तमिळचा हेल आहे आणि शब्द इतके जुने, की त्यांच्यापुढे माझी पुण्याची मराठी मला रेडिओवरच्या बातम्यांसारखी वाटते.

माझं कॅलेंडर त्यांनी दोन दिवस तपासलं आणि नापास केलं.

"यात भांडण नाही, मा."

"भांडण कशाला हवं, अक्का?"

"आमच्या घरी पाडवा एक नवं वर्ष, तमिळ नवं वर्ष दुसरं. खरं कुठलं यावर माझे सासरे आणि त्यांचे भाऊ आयुष्यभर भांडले. दोन्ही दिवशी पायसम मात्र दोघांनी खाल्लं. एकच उत्तर देणाऱ्या पंचांगावर विश्वास कोण ठेवील? आणि राहुकाल कुठे आहे? वाईट वेळ नसेल तर चांगल्या वेळेला किंमत काय?"

त्यानंतर आमच्या जगात दोन पंचांगं झाली, आणि ती एकमेकांशी बोलत नाहीत.

*

कार्तिकने हुकूम काढला की महिनाभर सगळ्या मीटिंगा याच कॅलेंडरने होतील. चित्रं काढणारा सेल्वा शहरातल्या तिरुवल्लिकेणी भागात एका मॅन्शनमध्ये, म्हणजे एकट्या पुरुषांच्या लॉजमध्ये, खोली घेऊन राहतो. बिनतारखेच्या दिवशी तो आलाच नाही. कार्तिकने फोन लावला.

"कुठे आहेस?"

"सर, आज मी कुठेच नाही. नियम तुमचाच आहे."

कार्तिकने फोन ठेवला. संध्याकाळी आम्ही बघितलं, तर तोही नुसता खुर्चीत बसला होता.

*

त्या कॅलेंडरमध्ये मी एक नियम कोणाला न विचारता घातला होता. त्या गावात मुलाचं वय जन्मापासून धरत नाहीत. मूल पहिला शब्द बोललं की तिथून मोजायला सुरुवात.

इरा बावीस महिन्यांची होती आणि एकही शब्द बोलत नव्हती. दर रविवारी आईचा फोन. "बोलली का गं?" मग स्वतःच, "तीन-तीन भाषा कानावर पडतात, गोंधळत असेल बिचारी." तिचा आवाज ऐकला की कळायचं, तिलाही ते पटलेलं नाही.

टी. नगरात साड्यांच्या एका दुकानाच्या वरच्या मजल्यावर लहान मुलांच्या डॉक्टर बसतात. नवरा श्रीपेरुंबुदूरच्या कारखान्यातून, शिफ्ट संपवून, युनिफॉर्मवरच आला होता. डॉक्टरांनी मान वर न करता विचारलं, "वय?"

मी म्हणाले, "अजून सुरू झालं नाही."

मराठीत म्हणाले, एवढं नशीब. नवऱ्याने शांतपणे तमिळमध्ये बावीस महिने सांगितले. कान तपासले, ते ठीक निघाले. "थोडं थांबून बघू," डॉक्टर म्हणाल्या. "घरी तिच्याशी बोलत राहा." घरी असले की मी दुसरं काही करतच नव्हते.

परत येताना ऑटोत नवरा म्हणाला, "तुझ्या त्या गावात जागा मिळेल का आपल्याला?"

मी इराला रस्त्यावरच्या गाड्या मोजून दाखवायला लागले.

*

पुढच्याच आठवड्यात अक्कांनी गेममधली वर्षं भराभर पुढे पळवून बघितली. राजे बदलले, झाडं वाढली, दोन्ही पंचांगांचे सण येऊन गेले. फक्त मुलं तेवढीच राहिली. म्हाताऱ्यांच्या पुढची पिढीही म्हातारी झाली, आणि मुलं त्याच गल्लीत, तेवढ्याच उंचीची, उभी.

"मुलं वाढत नाहीत," अक्का हळूच म्हणाल्या.

कारण सोपं होतं. वय पहिल्या शब्दापासून सुरू होणार, आणि मुलांना आवाज द्यायला आम्ही सगळेच विसरलो होतो. खोलीत सगळ्यांना इराबद्दल माहीत होतं. सेल्वा उगाच पेन्सिलीला टोक करत राहिला.

कार्तिकने घसा साफ केला. "नियम काढून टाकू. साधे वाढदिवस देऊ."

"नको," अक्का म्हणाल्या. "आवाज द्या."

*

त्या शुक्रवारी पाळणाघर बंद होतं, म्हणून इरा ऑफिसात होती. अक्कांनी तिला मांडीवर घेतलं आणि सेल्वाने समोर माइक धरला. मी म्हटलं, "अक्का, ती नाही बोलणार."

"कोणी म्हटलं तिला बोल म्हणून?"

इराने माइकला हात लावला. चाटून बघितला. मग तोंड अगदी जवळ नेऊन, एक लांब श्वास सोडून, कसलासा आवाज काढला. हसणं नव्हतं, रडणंही नव्हतं. सेल्वाने तोच आवाज गेममधल्या गल्लीतल्या सगळ्या मुलांना पहिला शब्द म्हणून लावला आणि अक्कांनी वर्षं पुन्हा पळवली.

मुलं उंच झाली. एकीने वेणी घातली. दोघं गल्ली सोडून नदीकडे गेली.

कार्तिक स्क्रीनकडे वाकला. "पण ती बोलली काय? शब्द कुठला होता?"

अक्कांनी आपले हेडफोन काढून इराच्या कानांवर ठेवले; त्यात गल्लीतली मुलं तिच्याच आवाजात बोलत होती. कार्तिकला म्हणाल्या, "तू मध्ये बोलू नकोस. ती ऐकते आहे."