ब्रेकच्या दिवसाची सही

आमच्या केसचा घात माझ्या चांगल्या अक्षराने केला. आज हे हसत सांगते, पण तेव्हा स्वतःचाच इतका राग आला होता की दोन दिवस धड जेवले नाही.

मी सरकारी दवाखान्यात कंत्राटी नर्स. लस टोचायचं काम माझं, पोरांची वजनं घ्यायचं काम ताईंचं. ताई माझ्यापेक्षा बऱ्याच मोठ्या, इथल्याच जुन्या गावातल्या. दोघींना ऑर्डर अकरा महिन्यांची, मग एक दिवसाचा ब्रेक, मग पुन्हा नवी ऑर्डर. ब्रेकच्या आधी अर्ज द्यायचा, की माझी सेवा संपली असून माझी काही तक्रार नाही. ताई म्हणायच्या, "तूच लिही बाई, तुझं अक्षर छापल्यावानी हाय." मीही शेफारून दरवर्षी दोघींचे अर्ज लिहायचे. ब्रेकच्या दिवशी घरी बसायचं, तर तेही नाही. मोठ्या मॅडम सांगायच्या, "मस्टरवर सही करू नका, पण या. बाहेर बायका पोरं घेऊन उभ्या असतात." आम्ही मुकाट जायचो. पोरांचे डोस चुकवायचे कसे?

कायम करून घ्या म्हणून आम्ही दोघींनी केस केली, तेव्हा समोरच्या वकिलाने नेमके तेच अर्ज पुढे ठेवले. दरवर्षी ह्यांची नोकरी संपत होती, सलग सेवा आहेच कुठे, असं त्याचं म्हणणं. आणि सलग सेवा नाही म्हटल्यावर कायम होण्याचा विषयच मिटला. ताईंना तर वाट बघायलाही वेळ नव्हता, त्यांच्या नोकरीची दोनच वर्षं उरली होती. कोर्टाबाहेर आल्यावर त्या म्हणाल्या, "तुझं काय चुकलं न्हाई गं. आमी बी डोळं झाकून सही केलीच की." त्यांनी चार शिव्या घातल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

दुसऱ्या दिवशी माझं डोकं ठिकाणावर नव्हतं. चिखलीतल्या एका गॅरेजवाल्याची बायको धाकट्याला घेऊन आली. तिच्या चारही पोरांना लशी मीच टोचलेल्या. "काय सिस्टर, तोंड का उतरलंय?" तिने विचारलं, आणि मी सगळं सांगून टाकलं. बोलता बोलता कार्डावर तारीख घातली, पुढे सही केली आणि हात तिथेच थांबला. खरं तर ही सही कायम असलेल्या सिस्टरने करायची. पण टोचणार मी आणि सही दुसरीची, हे मला कधीच पटलं नाही. त्यावरून बोलणीही भरपूर खाल्लीत.

"थोरल्यांची कार्डं आहेत का गं घरी?"

"आहेत ना. शाळेत मागतात म्हणून जपून ठेवलीत."

संध्याकाळी ती पिशवी घेऊन परत आली. तिच्या दुसऱ्या मुलीच्या कार्डावर बरोबर ब्रेकच्या दिवसाची तारीख होती. पुढे माझी सही, आणि शेजारी ताईंच्या वेड्यावाकड्या अक्षरात वजन. मी ताईंना हाक मारून ते कार्ड दाखवलं. मग महिनाभर ड्यूटी सुटली की आम्ही दोघी आकुर्डी म्हणू नका, चिखली म्हणू नका, घरोघर हिंडलो. एकाही बाईने कार्ड द्यायला नाही म्हटलं नाही. वर चहा पाजला.

पुढच्या सुनावणीत जजसाहेबांनी अर्ज आणि कार्डं शेजारी शेजारी ठेवली. "अक्षर एकच दिसतंय. अर्ज म्हणतो सेवा संपली, कार्ड म्हणतं त्या दिवशी लस दिली. खरं काय?"

"अर्ज लिहायला सांगितला म्हणून लिहिला, साहेब. लस मी दिली म्हणून सही केली." आवाज जरा चढलाच माझा. साहेब रागावले नाहीत. निकाल लागेपर्यंत दोघींना ब्रेक द्यायचा नाही, असं त्यांनी लिहून दिलं.

निकाल अजून यायचाय. लागेल, आमच्या बाजूने लागेल, असं आता मला मनापासून वाटतं. यंदा अकरा महिने भरले तेव्हा कुणी अर्ज मागितला नाही. दुसऱ्या दिवशी मस्टरवर आमची दोघींची नावं होती. ताईंनी सही केली, मस्टर मिटलं, दोन पावलं गेल्या आणि परत येऊन उघडून बघितलं.

"काय झालं हो?" मी विचारलं.

"काय न्हाई. हाय का बघत होते."