मेव्हण्याच्या सिनेमातली माणसं मरतात कशी

आमच्या मेव्हण्याच्या सिनेमात कोण कधी मरेल, हे ब्रह्मदेवालाही सांगता यायचं नाही. कारण पटकथा लिहिणाऱ्यालाच ते शूटिंगच्या दिवशी सकाळी कळतं. लेखक तोच, दिग्दर्शक तोच, कॅमेऱ्यामागे तोच आणि चहा सांगायलाही तोच. नट मात्र सगळे गावचे नि नात्यातले, त्यामुळे त्यांच्या घरी जे घडेल ते निमूटपणे कथेत घ्यावं लागतं. धाड गावचा आठवडी बाजार असला की खलनायक येत नाही, मग त्या दिवशी कथेतल्या गावात शांतता नांदते. नायक आमचा बुलढाण्याची जीप चालवणारा. अर्ध्या सिनेमात त्याचे केस कपाळावर रुळतात, आणि ऐन प्रेमाच्या प्रसंगाला गडी तुळतुळीत डोकं घेऊन हजर! सख्खे काका गेले, केस द्यावेच लागले. मी हताश झालो, तर मेव्हणा म्हणतो, "काऊन टेन्शन घेऊन राह्यले भाऊजी? कथेतही एक काका मारून टाकू." मारला. नायिकेची बिचारीची सगळी गाणी त्या काकाच्या सुतकात गेली. पुढे तिचं खरोखरचं लग्न ठरलं, तशी ती कथेतही सासरी गेली, आणि नायकाला उरली फक्त आई.

ही आई म्हणजे माझ्या सासूबाई. खलनायक कुऱ्हाड घेऊन घरात शिरतो, आईनं किंचाळायचं, असं ठरलं होतं. सासूबाई चुलीपुढून म्हणाल्या, "हातपाय धुऊन घे रे बाबू, वाढून राह्यली मी." खलनायक भुकेलाच होता, कुऱ्हाड कोपऱ्यात टेकवून पाटावर बसला.

"आई, थो तुले माराले आला होता," मेव्हणा कळवळला.

"मारंल मंग. उपाशीपोटी काय मारंल थो?"

मेव्हण्यानं तो प्रसंग तसाच ठेवला. सासूबाईंचं मागणं एकच होतं, "मले एकडाव पडद्यावर पाहू दे रे बाबा." शेवटचा प्रसंग तेवढा उरला होता: शहरात गेलेला मुलगा परततो आणि दारात आई उभी. त्याआधीच एका दुपारी जरा पडते म्हणाल्या, त्या उठल्याच नाहीत. फार वाईट वाटलं. पडदा बघायचा राहूनच गेला त्यांचा.

मेव्हण्याची रीत सगळ्यांना पाठ होती; आता सिनेमातली आईही जाणार, हे आम्ही धरून चाललो होतो. केस नुकते वाढलेला नायक तर आपण होऊन विचारायला आला, "भाऊ, पुन्हा देऊ का केस?"

मेव्हणा म्हणाला, "नाही बे. माही आई सिनेमात नाही मरत."

शाळेच्या भिंतीवर पांढरी चादर लावून सिनेमा दाखवला. अख्खा गाव हसून हसून लोळला. शेवटी नायक परत येतो, चपला काढतो, हाक मारतो, "आई, आलो वं." दारात कोणीच नाही. आणि आतून, चुलीपुढून, सासूबाईंचा आवाज आला, "हातपाय धुऊन घे रे बाबू, वाढून राह्यली मी."

शेजारी बसलेली माझी बायको पाट मांडायला म्हणून अर्धी उठली होती. मी तिचा हात धरून तिला खाली बसवलं.